तारामती मिळाली!

मुलांनो,

दर आठवड्याला मी तुम्हाला एका मोठ्या माणसाची ओळख करून देते. आज आधी माझ्या वर्गातली गोष्ट सांगते. तिच्यामुळेच आजची ओळख सुचली.

आमच्या शाळेचं स्नेहसंमेलन पुढच्या महिन्यात आहे. चौथीच्या वर्गाने 'राजा हरिश्चंद्र' ही छोटी नाटिका बसवायला घेतली. हरिश्चंद्र व्हायला अकरा जण तयार, विश्वामित्र व्हायला पाच. (दाढी लावायला मिळते ना!) तारामतीच्या कामासाठी मी एका मुलीला निवडलं. तिचं नाव इथे सांगत नाही. एरवी ही मुलगी हजेरीला 'हजर' म्हणते तेही ऐकू येत नाही. पण काशीच्या बाजारात राणी विकली जाते, तो प्रसंग तिने वाचून दाखवला आणि सगळा वर्ग चिडीचूप झाला. मागच्या बाकावरची खुसफुससुद्धा थांबली. बाईंचा वर्ग एवढा शांत पाहून शेजारच्या वर्गातले गुरुजी दारात डोकावून गेले!

तिसऱ्या दिवशी तिचे वडील शाळेत आले. माणूस सरळ, कष्टाळू. मला हात जोडून म्हणाले, "बाई, अभ्यास घ्या तिचा, हवा तेवढा घ्या. पण हे नाटकबिटक नको. आमच्यात मुली स्टेजवर जात नाहीत."

मी खूप सांगून पाहिलं. ते 'हो हो' म्हणाले आणि 'नको'वरच ठाम राहिले. ती मुलगी तेव्हा दाराशी उभी होती. काही बोलली नाही. तिने नाटिकेचा कागद माझ्या टेबलावर आणून ठेवला आणि जागेवर जाऊन बसली.

वर्गात आल्यावर मी विचारलं, "आता रे काय करायचं? तारामती कुठून आणायची?"

मागच्या बाकावरून आवाज आला, "बाई, मी होतो तारामती! आईची साडी आणतो."

वर्गात हसण्याचा असा काही धबधबा कोसळला की विचारू नका. मलाही हसू आलं. आणि एकदम आठवलं, अरेच्चा! हे तर खरोखरच घडलेलं आहे. अगदी असंच!

फाळक्यांना तारामती मिळेना

साल होतं 1912. नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरचे धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे आपले दादासाहेब फाळके, एक चित्रपट बनवत होते. नाव 'राजा हरिश्चंद्र'. म्हणजे आमच्या नाटिकेचीच गोष्ट. दानशूर, सत्यवचनी राजा राज्य देऊन टाकतो, बायको-मुलाला विकतो, स्वतः स्मशानात राबतो, पण दिलेला शब्द मोडत नाही. राणी तारामती आणि छोटा रोहिदास हे त्यातले दोन महत्त्वाचे जीव. रोहिदास झाला फाळक्यांचा स्वतःचा मुलगा भालचंद्र. पण तारामती?

काही केल्या तारामती मिळेना. त्या काळी बायकांनी नाटका-सिनेमात काम करणं कमीपणाचं मानत. नाटकातल्या नायिकासुद्धा बहुधा पुरुषच करत. बालगंधर्वांचं नाव तुम्ही ऐकलं असेल. त्यांनी नेसलेल्या साड्या पाहून मोठ्या घरच्या बायका तशा साड्या घेत, असं म्हणतात! चित्रपट तर सगळ्यांनाच नवा. त्यात आपल्या घरची लेक कोण पाठवणार?

शेवटी फाळक्यांना एका उपाहारगृहात काम करणारा एक नाजूक अंगाचा तरुण दिसला. त्याचं नाव अण्णा साळुंके. त्याला साडी नेसवली, दागिने घातले आणि भारताच्या पहिल्या कथापटाची तारामती तयार झाली! 3 मे 1913 रोजी मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये तो चित्रपट लागला. पुढे 1917 साली 'लंकादहन' चित्रपटात याच साळुंक्यांनी रामही केला आणि सीताही. म्हणजे वनवासात हरवली तीही तेच आणि शोधायला निघाले तेही तेच! ही सगळी धमाल बघायची असेल तर 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा 2009 सालचा मराठी चित्रपट आईबाबांबरोबर जरूर बघा.

पण एक गोष्ट सांगायलाच हवी. त्याच 1913 साली फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या दुसऱ्या चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघींनी काम केलं. त्या नाटकात वावरलेल्या मायलेकी. वाट उघडली ती त्यांनी. तरीही 'चांगल्या घरची', शिकलेली मुलगी सिनेमात काम करते म्हटलं की लोकांच्या भुवया वर जात. त्या खाली यायला आणखी बरीच वर्षं लागली.

आता ज्यांची ओळख करून द्यायची, त्या येतात.

लाडांची विठा... नव्हे, विटा!

14 जानेवारी 1905. संक्रांतीच्या दिवसांत मुंबईत लाड यांच्या घरी एक मुलगी जन्मली. तिचं नाव ठेवलं विटा. (छापताना चूक झालेली नाही. विठा नव्हे, विटाच!) लाड कुटुंब मूळचं गोव्याचं, घरात कोकणी बोलत. वडील पांडुरंग लाड हे मुंबईतले सॉलिसिटर, म्हणजे मोठे कायदेपंडित. घर भरलेलं, माणसांचं, खातंपितं. विटा कॅथीड्रल शाळेत गेली, पुढे सेंट झेवियर्स कॉलेजात. शंभर वर्षांपूर्वी मुलगी कॉलेजात जाणं ही केवढी मोठी गोष्ट, हे आजीला विचारा!

लग्न लवकरच झालं. पती विश्वनाथ खोटे इंजिनिअर. सासरही मोठं श्रीमंत. विटाची दुर्गा झाली, दुर्गा खोटे. बकुळ आणि हरिन अशी दोन मुलं झाली. सगळं कसं गोष्टीतल्यासारखं चाललं होतं.

पण दिवस पालटले. सासरची श्रीमंती ओसरली. पुढे पतीही अकाली गेले. दोन लहान मुलांना वाढवायचं होतं आणि कुणाच्या ओंजळीने पाणी प्यायचं नव्हतं. दुर्गाबाईंनी आधी शिकवण्या केल्या. इंग्रजी उत्तम होतं, ते कामी आलं. आणि मग सिनेमाचं काम समोर आलं.

पहिला पेपर नापास

1931 सालची गोष्ट. मोहन भवनानी नावाचे दिग्दर्शक 'फरेबी जाल' नावाचा चित्रपट करत होते. त्यात एक छोटंसं काम होतं. त्याच वर्षी मार्चमध्ये 'आलम आरा' हा भारताचा पहिला बोलपट झळकला होता आणि सिनेमा नुकता बोलू लागला होता. दुर्गाबाईंनी ते काम घेतलं. आपलं काम एवढंसं, बाकी चित्रपटात काय आहे याची त्यांना फारशी कल्पना नव्हती.

चित्रपट अगदी हलक्या दर्जाचा निघाला. झालं! लोकांना बोलायला निमित्तच मिळालं. लाडांची मुलगी, खोट्यांची सून, आणि हे काम! नातेवाईक, ओळखीचे, अनोळखी, सगळ्यांनी नावं ठेवली. दुर्गाबाईंना मान वर करणं कठीण झालं.

मुलांनो, इथे जरा थांबा. तुम्ही असता तर काय केलं असतं?

मी काय केलं ते सांगते. डी.एड.ला असताना आमच्या कॉलेजच्या संमेलनात मला एका नाटकात काम मिळालं होतं. पडदा उघडला, समोर माणसं दिसली आणि माझं दुसरंच वाक्य जे गेलं ते गेलंच. आतून कुणी सांगत होतं तेही ऐकू येईना. लोक हसले. त्यानंतर कितीतरी वर्षं मी स्टेजची पायरी चढले नाही. कुणी बोलावलं की माझा घसा बसायचा, पोट दुखायचं. तुम्ही गृहपाठ न करता करता तशी सगळी कारणं मी दिली! म्हणून मला दुर्गाबाईंच्या आयुष्यातली ही जागा फार जवळची वाटते. मी जिथे थांबले तिथे त्या थांबल्या नाहीत.

खरी तारामती

कोल्हापुरात 1929 साली 'प्रभात फिल्म कंपनी' सुरू झाली होती. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि कुलकर्णी असे पाच भागीदार. त्यांना आता आपला पहिला बोलपट करायचा होता. कुठली गोष्ट घेतली असेल? ओळखा पाहू!

बरोबर. राजा हरिश्चंद्राचीच! नाव 'अयोध्येचा राजा'. हिंदीत तोच 'अयोध्या का राजा'. दिग्दर्शक शांताराम. हरिश्चंद्र होणार होते गोविंदराव टेंबे, थोर हार्मोनियमवादक आणि संगीतकार. तारामतीचं काम आलं दुर्गाबाईंकडे.

पहिला कडू घोट अजून घशात होता. पुन्हा लोक बोलले तर? पण त्या कोल्हापूरला गेल्या. काम करायचं आणि नीट करायचं, एवढंच ठरवून गेल्या. त्या काळी पार्श्वगायन नव्हतं. पडद्यावर जो दिसतो त्यालाच गावं लागे. एकच चित्रपट मराठीत आणि हिंदीत करायचा, म्हणजे संवादही दोन्ही भाषांत पाठ. तुम्हाला एका भाषेतली कविता पाठ करायला किती दिवस लागतात, ते माझ्यापेक्षा तुम्हालाच ठाऊक!

1932 साली 'अयोध्येचा राजा' आला. मराठीतला पहिला बोलपट म्हणून त्याचं नाव घेतलं जातं. राजवाड्यातली राणी आणि बाजारात विकली गेलेली आई, दोन्ही दुर्गाबाईंनी अशा उभ्या केल्या की कालपर्यंत नावं ठेवणारे लोक तिकिटासाठी रांगेत उभे राहिले. 'आलम आरा'ची एकही प्रत आज उरलेली नाही. 'अयोध्येचा राजा' मात्र आजही बघता येतो.

1913 साली तारामती व्हायला कुणी घरंदाज बाई तयार नव्हती. 1932 साली एका सॉलिसिटरची शिकलेली मुलगी तारामती झाली. मध्ये गेली 19 वर्षं. आणि दुर्गाबाईंना बघून इतर घरांचे दरवाजेही हळूहळू किलकिले होऊ लागले. "लाडांची मुलगी काम करते ना, मग आमची का नको?" असं म्हणायची सोय झाली!

राणी, चाचेगिरी आणि सासूबाई

पुढे तर त्यांनी कमालच केली. त्याच वर्षीच्या 'माया मच्छिंद्र' चित्रपटात त्या स्त्रीराज्याच्या राणी झाल्या. राणीचा पाळीव प्राणी कोणता? मांजर? छे! चित्ता! तोही कापूस भरलेला नव्हे, खराखुरा.

1936 साली 'अमरज्योती' आला. त्यात दुर्गाबाई झाल्या सौदामिनी. आपल्यावर झालेल्या अन्यायाने पेटून उठलेली आणि समुद्रावर जहाजं लुटणारी बाई! चाचे म्हणजे पुरुषच, असं तुम्हाला वाटत असेल तर ते आजच खोडून टाका.

त्या काळी नट-नट्या महिन्याच्या पगारावर एकाच कंपनीला बांधलेल्या असत. दुर्गाबाईंनी तसं स्वतःला बांधून घेतलं नाही. कोल्हापूर, पुणे, मुंबई, कलकत्ता, जिथे चांगलं काम तिथे त्या. कलकत्त्याला देवकी बोस यांच्या 'सीता' या 1934 सालच्या चित्रपटात त्या सीता होत्या आणि राम होते पृथ्वीराज कपूर. हा चित्रपट इटलीत व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. आणि गंमत बघा, 26 वर्षांनी 1960 साली 'मुघल-ए-आझम' आला. त्यात पृथ्वीराज झाले बादशहा अकबर आणि दुर्गाबाई झाल्या जोधाबाई! एकदा राम-सीता, एकदा अकबर-जोधा.

सीता केली म्हणून त्या सीतेलाच चिकटून बसल्या नाहीत. 1942 सालच्या 'भरतमिलाप'मध्ये त्या कैकेयी झाल्या. त्याच्या आदल्या वर्षी आचार्य अत्र्यांच्या 'पायाची दासी'मध्ये त्या सुनेला छळणाऱ्या सासूबाई झाल्या. तेव्हा त्यांचं वय होतं 36! नायिका असताना सासूचं काम कोण घेतं? पण काम चांगलं आहे ना, मग झालं तर.

आणि नाटक? सिनेमात एवढं नाव झाल्यावरही त्या रंगभूमीवर आल्या. सिनेमात चुकलं तर पुन्हा घेता येतं. नाटकात बोललेलं वाक्य म्हणजे सुटलेला बाण. गिरगावातल्या मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांत त्यांनी कामं केली. 'भाऊबंदकी' नाटकात त्या आनंदीबाई होत्या. 'ध'चा 'मा' केल्याची आख्यायिका तुम्ही इतिहासाच्या तासाला ऐकलीच असेल, त्याच आनंदीबाई. कवी कुसुमाग्रज म्हणजे वि. वा. शिरवाडकर यांनी शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'वरून 'राजमुकुट' लिहिलं. त्यात नानासाहेब फाटकांच्या समोर दुर्गाबाई उभ्या राहिल्या. नानासाहेबांचा आवाज म्हणजे ढगांचा गडगडाट. त्यांच्यासमोर टिकणं सोपं नव्हतं. नाटकातल्या कामासाठी 1958 साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

तुमच्या आईबाबांना त्या आठवत असतील त्या आजी म्हणून. 1973 सालच्या 'बॉबी'मधली बॉबीची गोव्याची आजी म्हणजे दुर्गाबाई. दुसऱ्या वर्षी आलेल्या 'बिदाई'मधल्या आईच्या कामाला फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. तेव्हा त्यांची सत्तरी जवळ आली होती. सुमारे 50 वर्षांत जवळजवळ 200 चित्रपट केले. शिवाय लघुपट आणि जाहिरातपट तयार करणारी संस्था चालवली. दूरदर्शनवर 1988 साली लागलेली, घरोघर लाडकी झालेली 'वागले की दुनिया' ही मालिका त्यांच्याच निर्मितिसंस्थेची. आडनाव खोटे, पण काम सगळं खरं!

1968 साली त्यांना पद्मश्री मिळाली. 1982 साली त्यांचं 'मी दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र आलं. मोठे झालात की जरूर वाचा. 22 सप्टेंबर 1991 रोजी त्या गेल्या. 2013 साली भारतीय चित्रपटाला 100 वर्षं झाली, तेव्हा टपाल खात्याने काढलेल्या तिकिटांत एक तिकीट दुर्गाबाईंचं होतं.

एक पुरस्कार मी मुद्दाम शेवटी ठेवलाय. 1983 साली त्यांना चित्रपटातला देशाचा सर्वांत मोठा सन्मान मिळाला. त्याचं नाव दादासाहेब फाळके पुरस्कार. ज्या फाळक्यांना तारामती मिळत नव्हती, त्यांच्याच नावाचा पुरस्कार बरोबर 70 वर्षांनी तारामतीला मिळाला!

मग आमच्या वर्गात काय झालं?

ही सगळी गोष्ट मी वर्गात सांगितली. मागच्या बाकावरचा तारामती व्हायला निघालेला मुलगा म्हणाला, "बाई, म्हणजे मी साळुंके!" आता त्याला कुणी हसलं नाही. त्याने सगळी वाक्यं पाठ केली आहेत. आणि ती मुलगी रोज मधल्या सुट्टीत त्याची वाक्यं घेते. वही न बघता!

शनिवारी शाळा सुटल्यावर मी तिच्या घरी गेले. तिच्या आईने चहा केला. मी तिच्या वडिलांना नाटिकेबद्दल काही बोलले नाही. दुर्गाबाईंचीच गोष्ट सांगितली, तुम्हाला सांगितली तशीच. ते शेवटपर्यंत ऐकत होते. मग म्हणाले, "बाई, त्या शिकलेल्या, मोठ्या घरच्या. त्यांचं निभावलं. आम्हाला लोक बोलतील त्याचं काय?"

मी म्हटलं, "दादा, त्यांनाही लोक बोललेच की. मोठ्या घरच्या म्हणून जास्तच बोलले."

ते बराच वेळ गप्प बसले. निघताना दारापर्यंत आले आणि म्हणाले, "तालीम किती वाजता असते? बघतो, जमलं तर येतो."

'हो' म्हणाले नाहीत. पण 'नको'ही म्हणाले नाहीत. आमच्या नाटिकेत तारामती कोण होणार, हे आज तरी मलाही माहीत नाही. संमेलन झालं की कळवीनच.

आईबाबांनो, तुमच्यासाठी चार ओळी. तुमची मुलगी नटी होईल की नाही, हा प्रश्नच नाही. बहुतेक नाही होणार. पण चारशे माणसांसमोर उभं राहून स्पष्ट आवाजात बोलता आलं, तर ते तिला जन्मभर पुरेल. उद्या मुलाखतीला, बँकेत, ग्रामसभेत तोच आवाज लागणार आहे. पहिल्यांदा चुकेल, हसंही होईल. त्या दिवशी तुम्ही पहिल्या रांगेत असलात की झालं.

करून पाहा

1. आजीला किंवा पणजीला विचारा : तुला लहानपणी काय करावंसं वाटत होतं आणि कोणी करू दिलं नाही? उत्तर वहीत लिहून ठेवा.

2. ओळखा पाहू : 'शोले'मधला कालिया म्हणजे विजू खोटे. त्यांचं आणि दुर्गाबाईंचं नातं काय? (विजू खोट्यांचे वडील नंदू खोटे हे दुर्गाबाईंचे दीर. आता सोपं झालं ना?)

3. एकदा फसलेली आणि सोडून दिलेली एखादी गोष्ट या आठवड्यात पुन्हा करून बघा. चित्र, पोहणं, भागाकार, काहीही चालेल. मीही करणार आहे. संमेलनात निवेदन करायला यंदा मी माझं नाव दिलंय!

तुमची,
बाई